डोळ्याच्या खालचं झाड

आमच्या बगीच्याच्या खालच्या अंगाला, नाल्याकडच्या धुऱ्याजवळ, एक संत्र्याचं झाड होतं. १९९८ च्या लागवडीतलं. २०२२ च्या जूनमध्ये मृगाच्या तोंडावर वावधन आलं आणि ते झाड मोडलं. उपटलं नाही, मोडलं. जिथं डोळा बांधलेला असतो बरोबर त्या जागेवर. वरचं सगळं झाड आडवं झालं आणि खाली हातभर खुंट तेवढा उभा राहिला.

मी माणसाला सांगितलं, पावसाची उघाड पडली की हा खुंट खोदून काढ, जागा मोकळी कर. तिथंच मामा उभे होते. वय झालंय, पण सकाळी एक चक्कर बगीच्यात मारल्याशिवाय त्यांना चहा गोड लागत नाही. ते म्हणाले, "त्याले कापू नोका, भाऊ. पाहू तरी काय येते."

खुंटाला महिन्याभरात धुमारे फुटले. काटेरी, जाड, पोपटी पानांचे. दरवर्षी आम्ही असे धुमारे दिसले की अंगठ्यानं मोडून टाकतो, कारण ते डोळ्याच्या खालून येतात, संत्र्याचं अन्न खातात. या वेळी वर संत्राच नव्हता. मोडायचं कारण उरलं नाही. तीन वर्षांत दोन पुरुष उंचीचं झाड झालं आणि मागच्या हिवाळ्यात त्याला फळं लागली. खरखरीत सालीची, पिवळीजर्द, मुठीपेक्षा मोठी. जंभेरी.

मामांनी एक फळ तोडून हातात फिरवलं. म्हणाले, "आता त्याचं सोताचं आलं."

एवढंच म्हणाले आणि पुढं गेले. मी मात्र त्या झाडाजवळून लवकर हललो नाही. चाळीस वर्षं जो प्रश्न मी टाळत आलो होतो, तो त्या फळाच्या रूपानं माझ्या डोळ्यासमोर लटकत होता. तो प्रश्न इथं लिहितो. मी दहावी शिकलेला माणूस. तत्त्वज्ञान वाचलेलं नाही. जे सांगायचं ते बगीच्यातूनच सांगावं लागेल.

शहरातल्या वाचकांसाठी आधी थोडं सांगतो. आमच्या वरुड, मोर्शी, काटोल, नरखेड या पट्ट्यात जो संत्रा होतो, तो स्वतःच्या मुळावर उभा नसतो. खाली जंभेरीचं नाहीतर रंगपूर लिंबाचं मूळ असतं. जंभेरीचं बी वाफ्यात टाकतात, त्याची रोपं वाढवतात. त्याला आम्ही पन्हेरी म्हणतो. आमच्याजवळच्या शेंदुरजना घाटची पन्हेरी दूरदूरपर्यंत जाते. रोप पेन्सिलीएवढं जाड झालं की जमिनीपासून साधारण वीतभर उंचीवर त्याच्या सालीला खाच पाडायची, चांगल्या संत्र्याच्या काडीवरचा एक डोळा सालीसकट अलगद काढायचा आणि त्या खाचेत बसवून पट्टीनं बांधायचा. हिवाळ्यातलं काम. सुरी धारदार पाहिजे आणि हात हलका. तीन-चार आठवड्यांत डोळा जिवंत आहे की काळा पडला ते कळतं.

डोळा धरला, फुगला, कोंब दिसला, की मग शेवटचं काम. जंभेरीचा शेंडा छाटायचा. डोळ्याच्या वर जेवढी म्हणून जंभेरी आहे तेवढी कापून टाकायची. तिथून पुढं मूळ जंभेरीचं, झाड संत्र्याचं. लोक बाजारात नागपुरी संत्रा मागतात. २०१४ साली नागपुरी संत्र्याला भौगोलिक मानांकनही मिळालं. जंभेरी कुठल्या पेटीवर छापलेली मी पाहिली नाही.

आता मामांचं.

मामा म्हणजे आमचे सालदार. आईचे भाऊ नव्हेत. आम्ही भावंडं त्यांना मामा म्हणायचो, पुढं गावही म्हणू लागलं. मी जन्मलो १९६० साली आणि ते आमच्याकडे लागले त्याच्या आदल्या वर्षीच्या पाडव्याला. तेरा वर्षांचे होते. चौथी पास झालेले, गावच्या शाळेत पाढे म्हणण्यात पहिले. त्यांच्या वडिलांनी पोरीच्या लग्नासाठी माझ्या आजोबांकडून दोनशे रुपये उचलले होते. ते फिटेना. मग पोरगा सालावर ठेवला. दोनशे रुपये कधी फिटले ते मला ठाऊक नाही. ज्या १९७६ साली मी दहावी पास झालो, त्याच साली वेठबिगारी बंद करणारा कायदा देशात आला. आमच्या घरात त्याचं नाव कोणी काढलं नाही. कर्ज केव्हाच संपलं होतं, मामांना आता रीतसर साल मिळत होतं, धान्य मिळत होतं, दिवाळीला धोतर मिळत होतं. त्यामुळं तो कायदा आपल्यासाठी नाही असं आम्ही धरून चाललो.

डोळा बांधायला मला मामांनी शिकवलं. माझ्या हातून शंभरात चाळीस डोळे लागायचे तेव्हा त्यांच्या हातून नव्वद. "सुरी सालीले लागली पाह्यजे, लाकडाले नाही," हे ते हजार वेळा म्हणाले असतील.

१९८३ साली आम्ही तीन एकरांत संत्रा लावला. अठरा बाय अठरा फुटांवर. एकरी एकशे चौतीस झाडं बसतात. मी तेवीस वर्षांचा होतो, दहावी पास होतो, आणि दोन-चार पुस्तिका वाचलेला होतो. नाल्याकडच्या एकरात वारं फार. मी ठरवलं, कलमा खोल लावायच्या, म्हणजे वाऱ्यानं हलणार नाहीत. मामा खड्ड्याशी उकिडवे बसून म्हणाले, "भाऊ, डोया जमिनीच्या वर एक ईत राहू द्या. डोया गाडला का झाड गेलं समजा." मी म्हणालो, "मामा, मी पुस्तकात वाचलं आहे." असं कुठल्याही पुस्तकात लिहिलेलं नव्हतं. त्यांनी माझ्याकडं पाहिलं आणि मी सांगितलं तशा लावल्या. वरच्या दोन एकरांत मी लक्ष घातलं नाही, तिथं त्यांनी त्यांच्या मनानं लावल्या.

सात-आठ वर्षं काही झालं नाही. अंबिया बहार दोन वेळा चांगला आला. मी मनात म्हणायचो, पाहा, पोराचंच खरं निघालं.

मग १९९१ साल आलं. त्या सालचा पावसाळा आमच्या भागातला कोणी विसरणार नाही. ३० जुलैला वर्धा नदीला पूर आला आणि मोवाड गाव वाहून गेलं. किती माणसं गेली. त्या दुःखापुढं कोणाच्या झाडाचं दुःख सांगू नये. पण त्याच पावसात आमच्या खालच्या एकरात आठ दिवस पाणी उभं होतं. पाणी ओसरलं, आणि दिवाळीपासून झाडांच्या बुंध्यातून डिंक गळायला लागला. डिंक्या. पानं पिवळी पडली, फांद्या शेंड्याकडून वाळत आल्या. दोन पावसाळ्यांत त्या एकरातली नव्वद झाडं गेली. वरच्या दोन एकरांतली पाच.

संत्र्याची साल या बुरशीपुढं टिकत नाही. डोळा मातीत गेला की ओल्या मातीतून बुरशी थेट संत्र्याच्या सालीत शिरते. म्हणून डोळा वर ठेवायचा, बुंध्याला चुना-मोरचुदाचा बोर्डो मलम लावायचा, पाणी बुंध्याला टेकू नये म्हणून दुहेरी आळं करायचं. आज हे शाळेतलं पोरगं सांगेल. मामांना ते तेव्हाही ठाऊक होतं.

बाबांनी शेजारच्या गावातल्या एका जाणत्या बागायतदाराला बोलावलं. ते आले, एका झाडाच्या बुडाशी बसले, हातानं माती उकरली. सहा-सात इंचांवर डोळ्याची गाठ सापडली, सडलेली. त्यांनी वर पाहून विचारलं, "डोळा गाडला कोणी?"

बगीच्यात तेव्हा सात-आठ माणसं होती. बाबा माझ्याकडं पाहत होते. मी म्हणालो, "ही झाडं मामांनी लावली."

शब्द खरे होते. खड्डे त्यांनीच खणले होते, कलमा त्यांनीच उभ्या केल्या होते, माती त्यांनीच लोटली होती. पण सांगणं खोटं होतं, आणि ते खोटं आहे हे मला बोलतानाच माहीत होतं. मामा चार पावलांवर पावड्यावर हात ठेवून उभे होते. ते काही बोलले नाहीत. बाबाही काही बोलले नाहीत. पुढच्या पाडव्याला साल ठरवताना बाबांनी मामांची तीन पोती ज्वारी कमी केली. मी ओसरीवर बसून हिशेबाच्या वहीत ते माझ्या हातानं लिहिलं.

पुढं आमचं बरं झालं. त्या एकरात १९९८ साली पुन्हा लागवड केली, या वेळी मामा म्हणाले तशी. संत्र्यानं आम्हाला घर दिलं, विहीर दिली, पोरीचं लग्न दिलं, थोरल्याचं इंजिनीअरिंग दिलं. एका कार्यक्रमात माझा उत्तम बागायतदार म्हणून सत्कारही झाला. शाल, नारळ, फोटो. फोटोत मी संत्र्याची पेटी धरून उभा आहे. ती पेटी वजनदार होती म्हणून मंचापर्यंत मामांनी उचलून आणली आणि फोटोच्या वेळी ते बाजूला झाले. फोटोच्या एका कडेला त्यांचं कोपर दिसतं.

मन मोठं लबाड असतं. ते टोचणी सहन करत नाही, तिच्यावर काहीतरी झाकण शोधतं. मला झाकण सापडलं ते बगीच्यातच. मी स्वतःला सांगायचो, पाहा, जंभेरीचं काम खाली राहायचं, संत्र्याचं काम वर फळायचं. दोघंही आपापल्या जागी. कोणी कोणावर उपकार करत नाही, कोणी कोणाला लुटत नाही. निसर्गाचीच तशी रचना आहे. हा दृष्टान्त मी एक-दोनदा भाषणातही सांगितला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. आता आठवलं की कानशिलं तापतात.

हे झाकण हललं ते नागपूरला. तिथल्या लिंबूवर्गीय फळांच्या राष्ट्रीय संशोधन केंद्रात मी एकदा शेतकऱ्यांच्या प्रशिक्षणाला गेलो होतो. एका शास्त्रज्ञानं खुंटांवर व्याख्यान दिलं आणि एका परदेशी झाडाचं चित्र दाखवलं. त्रिदल संत्रा. मूळचं चीनमधलं. एका देठावर तीन पानं, बेलासारखी. थंडीत सगळी पानं झडतात. काटे असे की शेळी तोंड घालणार नाही. फळ लहान, लव असलेलं, बियांनी भरलेलं आणि इतकं कडू की कोणी खात नाही. आणि तरी जपानचा संत्रा जास्त करून याच खुंटावर उभा आहे.

त्याची गोष्ट मला फार आवडली. १८९४-९५ च्या हिवाळ्यात अमेरिकेत फ्लोरिडामध्ये कडाक्याची थंडी पडली आणि संत्र्यांच्या बागाच्या बागा मेल्या. तेव्हा स्विंगल नावाच्या शास्त्रज्ञाच्या मनात आलं, हा त्रिदल थंडी सोसतो, गोड संत्रा सोसत नाही, तर दोघांचा संकर करावा. थंडी सोसणारं गोड फळ मिळेल. त्यानं १८९७ पासून संकर केले. झाडं झाली, फळंही लागली, पण त्यांत त्रिदलाचा कडवटपणा उतरला होता. खाण्याचं फळ म्हणून त्यांचा बाजार झाला नाही. पण १९०९ साली कॅलिफोर्नियात त्याच्या देखरेखीखाली झालेल्या अशाच एका संकरातून ट्रॉयर आणि कॅरिझो हे खुंट निघाले, आणि पुढं कॅलिफोर्निया, स्पेन इथल्या बागा त्यांच्यावर उभ्या राहिल्या. स्विंगलच्याच नावाचा आणखी एक खुंट, पपनसासारख्या ग्रेपफ्रूटचा आणि त्रिदलाचा संकर, १९०७ मध्ये झाला आणि शेतकऱ्यांच्या हाती आला १९७४ मध्ये. सदुसष्ट वर्षांनी.

मी हात वर करून विचारलं, साहेब, मग आम्हाला हा त्रिदल का देत नाही? ते म्हणाले, तुमच्या काळ्या जमिनीत चुना जास्त. चुनखडीच्या जमिनीत त्रिदलाला लोह उचलता येत नाही, पानं पिवळी पडतात, झाड बसतं. तुम्हाला जंभेरी आणि रंगपूरच बरे. मग त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली. खुंट नुसता आधार देत नाही. जंभेरीवर झाड झपाट्यानं वाढतं, फळ मोठं होतं, पण रसात गोडी थोडी पातळ राहते. त्रिदलावर झाड लहान राहतं, सावकाश वाढतं, पण रस दाट आणि गोड. वरचा डोळा एकाच झाडाचा घेतला तरी हा फरक पडतो.

म्हणजे मी जे समजत होतो ते निसर्गातसुद्धा खरं नव्हतं. मूळ मुकं नसतं. ते फळात बोलत असतं, आपण त्याचं नाव घेत नाही एवढंच. आमच्या संत्र्याच्या आकारात, रंगात, चवीत जंभेरी होतीच. माझ्या घरात, विहिरीत, पोराच्या पदवीत मामा होतेच.

त्याच व्याख्यानात ब्राझीलची गोष्ट निघाली. तिथं १९३७ च्या सुमारास एक रोग आला. मोसंबीसारखी गोड फळझाडं आंबट नारिंगाच्या खुंटावर होती. ती लाखोंनी वाळली. लोकांनी रोगाला नाव दिलं त्रिस्तेझा. त्यांच्या भाषेत त्याचा अर्थ उदासी. गंमत अशी, की नुसतं आंबट नारिंग लावलं तर ते या रोगानं असं मरत नव्हतं. गोड झाड त्रिदलाच्या खुंटावर लावलं तर तेही मरत नव्हतं. या दोघांच्या सांध्यात बिघाड होता. पानं जे अन्न तयार करतात ते सालीतून खाली मुळांकडं जातं. रोग झाला की सांध्याच्या खाली ती वाट बंद पडते. वरती काही दिवस सगळं ठीक दिसतं, फळंही लागतात. खाली मुळं उपाशी मरत असतात. मुळं मेली की मग वरचं झाड.

मी त्या दिवशी एसटीनं गावाकडं परतलो. खिडकीशी बसून सारखं तेच डोक्यात घोळत होतं. वरून खाली जाणारी वाट. तीन पोती ज्वारी.

पण खरं सांगायचं तर एवढं कळूनही मी काही केलं नाही. बाबा गेले. मामांचं साल बंद झालं, ते थकले. त्यांचा मुलगा कामासाठी बाहेरगावी गेला. मी सणाला त्यांच्या घरी धान्य पाठवायचो, औषधाला पैसे द्यायचो आणि स्वतःला बरा माणूस समजायचो. ती जंभेरी फळली नसती तर कदाचित असाच मेलोही असतो.

"आता त्याचं सोताचं आलं." या वाक्यानं माझ्या दृष्टान्तात उरलेली एक गोष्ट मला दाखवली. ती मी दर हिवाळ्यात माझ्या हातानं करत आलो होतो आणि तरी पाहिली नव्हती. जंभेरी आपणहून खाली राहत नाही. आपण तिचा शेंडा छाटतो. तिला स्वतःचं फळ होतं. ते येऊ नये म्हणून आपण दर पावसाळ्यात धुमारे मोडतो. झाडाच्या बाबतीत यात पाप नाही. झाडाला मन असतं की नाही मला ठाऊक नाही, आणि लोकांना संत्रा खायचा आहे. पण तेरा वर्षांचा, पाढे म्हणण्यात पहिला असलेला पोरगा दोनशे रुपयांसाठी ज्यांनी सालावर ठेवला, त्यांनी त्याला निसर्गाचा नियम म्हणू नये. त्याचा शेंडा निसर्गानं छाटला नाही. आमच्या ओसरीवर छाटला.

मी हे घरी बोललो. थोरला मुलगा पुण्याहून आला होता. तो हुशार आहे, सरळ आहे. म्हणाला, "आबा, त्यांना दर साली ठरलेलं दिलं ना आपण? कोणाची मजुरी बुडवली का? असं मागं मागं जायचं म्हटलं तर अंत कुठं आहे? पन्हेरी ज्यानं लावली तो, संत्रं ज्या बायांनी तोडली त्या, ट्रकवाला, सगळ्यांचाच वाटा निघेल."

त्याचं बोलणं मी दोन-तीन दिवस मनात फिरवलं. खोटं नाही ते. ठरलेलं दिलं होतं. पण ठरवताना एक माणूस ओसरीवर बसलेला होता आणि एक खाली उभा होता. आणि अंत नाही म्हणून सुरुवातच करायची नाही, हेही बरोबर नाही. पेरणी सगळी एका दिवसात होत नाही म्हणून कोणी पहिलं तास धरायचं सोडत नाही. ज्यांचं देणं मला माहीत नाही त्यांचं मी काय फेडणार? पण एक देणं मला माहीत होतं. तारखेसकट, माझ्याच अक्षरात वहीत होतं.

होळीच्या आधी एका संध्याकाळी मी मामांच्या घरी गेलो. त्यांची सून चहा ठेवायला आत गेली. मी म्हणालो, "मामा, त्र्याऐंशी साली डोळा मी गाडायला लावला होता. नाव तुमचं घेतलं."

मामा म्हणाले, "हो."

मी म्हणालो, "तुम्ही तेव्हा का नाही बोललात?"

ते थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "मालकालेबी मालूम होतं, भाऊ. त्याच राती त्याहीनं मले बलावलं. म्हणे, पोट्ट्याचं चारचौघात नाक गेलं तर त्याच्या हातून पुढं शेती होनार नाही. तू गप राह्य. मी म्हटलं, बरं."

मला वाटलं होतं, बाबांना मी फसवलं. बाबांना सगळं ठाऊक होतं. तरी त्यांनी तीन पोती कापली. मला वाचवायला, आणि बोभाटा खरा वाटावा म्हणून. माझ्या नाकाची किंमत तीन पोती ज्वारी ठरली आणि ती भरली मामांच्या घरानं. त्या वर्षी त्यांच्या घरात चार लेकरं होती. मी कधी विचारलं नाही की त्यांनी ते वर्ष कसं काढलं. त्या संध्याकाळीही विचारायची हिंमत झाली नाही.

मी म्हणालो, "मामा, नाल्याकडचा एकर मी तुमच्या नावानं करून देतो." हे मी घरून ठरवूनच गेलो होतो. खरं सांगतो, म्हणताना मला थोडं मोठं वाटलं.

मामांनी मान हलवली. "दान नोका देऊ, भाऊ. हिशेब करा."

"कसा?"

"तीन पोते जवारी. ते माहे होते."

मी म्हणालो, चौतीस वर्षं झाली, व्याजासकट देतो. त्यावर ते हसले. पहिल्यांदाच हसले त्या दिवशी. म्हणाले, "याज काय असते ते आमच्या घराले मालूम हाय. मले नोको. तीन पोते द्या."

दुसऱ्या दिवशी मी तीन पोती ज्वारी त्यांच्या दारात उतरवली. क्विंटलची तीन. मामांनी पोत्याचं तोंड सोडून मूठभर दाणे हातावर घेतले, फुंकर मारली, दातानं एक फोडून पाहिला. मग म्हणाले, "वही आनली का?" मी आणली नव्हती. परत घरी गेलो, माळ्यावरून ती जुनी वही काढली, घेऊन आलो. ज्या पानावर मी १९९२ च्या पाडव्याला तीन पोती वजा लिहिली होती, त्याच्या खाली मी लिहिलं, तीन पोती पोचती. तारीख घातली. मामांनी खाली सही केली. चौथीतल्या मुलाचं असतं तसं वळणदार, सावकाश अक्षर. सहासष्ट वर्षं त्या अक्षराला काही काम नव्हतं, तरी ते बिघडलं नव्हतं.

मी विचारलं, "आणि एकराचं?"

"ते वेगयं हाय," मामा म्हणाले. "त्याचा हिशेब लांब हाय. तुमचे पोट्टे काय म्हनतात ते आधी पाहा. त्याहीले न इचारता दिलं तर मंग ते आमच्यावरच येईन."

हेही त्यांचं बरोबर होतं. वडिलोपार्जित जमीन आहे, पोरांचा हक्क आहे. मी पुन्हा एकदा मोठेपणा माझ्या नावावर आणि त्याचा त्रास त्यांच्या नावावर करायला निघालो होतो.

धाकटा तयार झाला. तो माझ्याबरोबर वावरात असतो, त्याला मामांनीच डोळा बांधायला शिकवलं. थोरल्याची सही अजून व्हायची आहे. तो नाही म्हणत नाही, हो म्हणत नाही. दिवाळीला येतो म्हणतो, तेव्हा बोलू म्हणतो. मी त्याच्यावर रागावत नाही. मला चौतीस वर्षं लागली. त्याला दिवाळीपर्यंत वेळ द्यायला काय हरकत आहे? पण मामांचं वय एकोणऐंशी आहे, हे मी त्याला फोनवर दर वेळी सांगतो.

फळ कोणाचं, या प्रश्नाचं पूर्ण उत्तर मला मिळालं असं मी म्हणणार नाही. एवढंच कळलं, की मोजता येतं ते आधी मोजून द्यावं. जे मोजता येत नाही त्याबद्दल मोठमोठं बोलून माणूस मोजता येणारं बुडवतो. मी तेच करत होतो.

ती जंभेरी अजून धुऱ्याशी उभी आहे. या वर्षीही लदबदली आहे. मामांच्या सुनेनं तिच्या फळांचं लोणचं घातलं आणि एक बरणी आमच्याकडे पाठवली. बरणी रिकामी झाली की परत करायची आहे. तेवढ्यासाठी तरी मला त्यांच्या घरी जायचं आहे, आणि जाताना थोरल्याच्या सहीचं काय झालं ते सांगावं लागणार आहे.